लिबएव्हीकोडेक ५८ कुठे गेली? व्हिडिओ सॉफ्टवेअरच्या शेअर्ड लायब्ररींचा माग

कुडाळ, कणकवली, सावंतवाडी या पट्ट्यात लग्नं, जत्रा आणि दशावतारी नाटकं शूट करणाऱ्या स्टुडिओंत आता एखादं तरी मशीन उबुंटू या लिनक्सवर असतं. त्याचं मुख्य काम कन्व्हर्जनचं. कॅमेऱ्याच्या एमटीएस फाईल्स, मोबाईलवरचं एचईव्हीसी फुटेज, ड्रोनच्या एमपी४ असं सगळं एका साच्यात आणून एडिटिंगला द्यायचं. अशी मशीन्स आम्ही सांभाळतो, आणि ती उबुंटू २२.०४ वरून २४.०४ वर नेताना जे हमखास अडतं त्याचा हा हिशेब. तुळशीचं लग्न झालं की जत्रा सुरू होतात आणि मग चालत्या मशीनला कोणी हात लावू देत नाही. म्हणून अपग्रेड पावसाळ्यात उरकावं लागतं, आणि पावसाळ्यात लाईट आणि नेट दोन्ही बेभरवशाचे. लायब्ररींशी त्यांचाही संबंध येतो.

फाईलींची आणि कमांडची नावं इथे देवनागरीत दिली आहेत. टर्मिनलमध्ये ती अर्थातच रोमन लिपीत, छोट्या-मोठ्या अक्षरांसकट टाईप करायची.

अपग्रेड एरवी सुरळीत होतं. डेस्कटॉप येतो, व्हीएलसी चालतो, केडेनलाईव्ह उघडतं. अडतो तो एपीटीतून, म्हणजे उबुंटूच्या पॅकेजं बसवणाऱ्या प्रोग्रामातून, न आलेला, झिप सोडवून हाताने बसवलेला एखादा कन्व्हर्टर. आयकॉनवर क्लिक केलं की काहीच होत नाही, साधी खिडकीसुद्धा येत नाही. तोच प्रोग्राम टर्मिनलमधून चालवला की खरं कारण दिसतं: ‘एरर व्हाईल लोडिंग शेअर्ड लायब्ररीज: लिबएव्हीकोडेक.एसओ.५८: कॅनॉट ओपन शेअर्ड ऑब्जेक्ट फाईल’. बहुतेक जण हे वाचून ‘ती फाईल कुठून तरी आणून टाकू’ म्हणतात. तिथेच पुढचा दिवस वाया जातो.

शेअर्ड लायब्ररी म्हणजे अनेक प्रोग्राम मिळून वापरतात तो तयार कोड, आणि लिबएव्हीकोडेक ही एफएफएमपेग या व्हिडिओ-ऑडिओ हाताळणाऱ्या प्रकल्पाची लायब्ररी. फॅब्रिस बेलार्ड यांनी २००० साली सुरू केलेला हा प्रकल्प आज व्हीएलसी, ओबीएस, केडेनलाईव्ह, एमपीव्ही अशा असंख्य प्रोग्रामांच्या पोटात आहे. तो एका फाईलचा नाही. लिबएव्हीयुटिल ही सगळ्यांच्या तळाची, लिबएव्हीकोडेक एन्कोड-डिकोडसाठी, लिबएव्हीफॉरमॅट एमपी४-एमकेव्हीसारखे डबे उघडण्या-बांधण्यासाठी, लिबएव्हीफिल्टर फिल्टरांसाठी, लिबएसडब्ल्यूस्केल चित्राचा आकार आणि रंगाचा साचा बदलण्यासाठी, लिबएसडब्ल्यूरीसॅम्पल आवाजासाठी, आणि लिबएव्हीडिव्हाईस कॅमेरा-स्क्रीनसारख्या उपकरणांसाठी. प्रत्येकीचा नंबर वेगळा चालतो, आणि एफएफएमपेगच्या आवृत्तीशी तो जुळत नाही. ४ मालिकेत कोडेक ५८, युटिल ५६, स्केल ५, रीसॅम्पल ३. ५ मालिकेत कोडेक ५९, युटिल ५७. ६ मालिकेत कोडेक ६०, युटिल ५८. ७ मध्ये कोडेक ६१, युटिल ५९. म्हणजे ‘५८’ एवढंच ऐकून काही कळत नाही. कोडेक ५८ आणि युटिल ५८ यांच्यात दोन मालिकांचं अंतर आहे. फोनवर मदत मागताना लोक नुसता आकडा सांगतात आणि घोळ वाढतो.

उबुंटू २२.०४ मध्ये एफएफएमपेग ४.४ होतं, २४.०४ मध्ये ६.१ आहे. डेबियन १२ वर ५.१, म्हणजे कोडेक ५९. जुन्या मशीनवर फोल्डरात पाहिलं तर खरी फाईल असते लिबएव्हीकोडेक.एसओ.५८.१३४.१००, आणि तिच्याकडे बोट दाखवणारी सिमलिंक असते लिबएव्हीकोडेक.एसओ.५८. प्रोग्राम मागतो ते हे दुसरं, छोटं नाव. त्याला सोनेम म्हणतात आणि प्रोग्राम बांधला (सोर्सपासून कंपाइल केला) जातो तेव्हाच ते त्याच्यात कोरलं जातं. दशावतारात पात्र ठरलेलं असतं आणि नट मंडळीप्रमाणे बदलतो, तसं सोनेम हे पात्र आणि लांब नावाची फाईल हा नट. ५८.१३४ च्या जागी ५८.९१ आली तरी पात्र तेच राहतं. पण ६० हे वेगळंच पात्र आहे. पहिला आकडा बदलला याचा अर्थ काही फंक्शन्स काढली गेली किंवा आतल्या रचना हलल्या, जुन्या प्रोग्रामशी आता जुळणार नाही.

शेवटचा १०० हा आकडा मजेशीर आहे. २०११ मध्ये एफएफएमपेगमधून लिबएव्ही नावाचा गट फुटून निघाला. दोघांच्या लायब्ररींची नावं एकच होती, म्हणून एफएफएमपेगने शेवटचा आकडा १०० पासून मोजायला घेतला, म्हणजे फाईल कुणाची ते ओळखता येईल. लिबएव्ही केव्हाच थंडावली, १०० राहिला.

मग ५८ गेली कुठे? अपग्रेडच्या शेवटी ‘गरज नसलेली पॅकेजेस काढू का’ असा प्रश्न येतो आणि सगळे हो म्हणतात. एपीटीला फक्त स्वतः बसवलेल्या पॅकेजांची गरज माहीत असते. झिपमधून आलेल्या कन्व्हर्टरला ५८ लागते हे एपीटीच्या वहीत कुठेच नसतं, म्हणून ती बिनबोभाट निघून जाते.

काय काय कमी आहे हे पाहायला एलडीडी ही कमांड आणि पुढे प्रोग्रामचा पत्ता. कन्व्हर्टरवर ती चालवल्यावर कोडेक ५८, फॉरमॅट ५८, युटिल ५६, स्केल ५, रीसॅम्पल ३ अशा पाच ओळींपुढे ‘नॉट फाउंड’ दिसतं. ही यादी अपुरी असते हे ध्यानात घ्या. कोडेक सापडलीच नाही तर तिला पुढे लागणाऱ्या लिबएक्स२६४, लिबव्हीपीएक्स वगैरे यादीत येणारच नाहीत. कोडेक आणून ठेवली की मग त्या एकेक करून वर येतात. शिवाय अनोळखी ठिकाणाहून आलेल्या प्रोग्रामवर एलडीडी चालवू नये, काही वेळा त्यातला कोड खरोखर चालतो. तिथे रीडएल्फ -डी (छोटा डी) वापरावं. ते नुसतं वाचतं, आणि ‘नीडेड’ लिहिलेल्या ओळींत थेट मागण्या दाखवतं.

आता लोक करतात त्या दोन खटपटी. पहिली म्हणजे ६० कडे बोट दाखवणारी ५८ नावाची सिमलिंक. नव्या नटाला जुन्या पात्राचा मुकुट चढवायचा. दशावतारात संवाद उत्स्फूर्त असतात, तिथे निभावूनही जाईल. इथे लगेच उत्तर येतं: ‘व्हर्जन लिबएव्हीकोडेक_५८ नॉट फाउंड’. एफएफएमपेगच्या लायब्ररी प्रत्येक फंक्शनवर आवृत्तीचा शिक्का मारतात आणि लोडर, म्हणजे प्रोग्राम सुरू होताना लायब्ररी जोडून देणारा, तो शिक्का तपासतो. हा अडथळा आहे हे नशीबच. नाहीतर प्रोग्राम रुंदीचा आकडा वाचायला जाईल तिथे भलतंच काही असेल, आणि हिरवं चित्र किंवा सेगमेंटेशन फॉल्ट हाती येईल. ‘एव्ही_रजिस्टर_ऑल’सारखी फंक्शन्स तर एफएफएमपेग ५.० मध्ये, म्हणजे जानेवारी २०२२ मध्ये, काढूनच टाकली आहेत.

दुसरी खटपट २२.०४ चं डेब पॅकेज आणून बसवण्याची. ते लिबएक्स२६४-१६३ मागतं, २४.०४ वर १६४ आहे. लिबव्हीपीएक्स ७ मागतं, इथे ९ आहे. लिबडेव्ह१डी ५ मागतं, इथे ७ आहे. एकामागून एक जुनी पॅकेजेस ओढत बसायचं, आणि डीपीकेजीला (एपीटीच्या खालचं, प्रत्यक्ष डेब बसवणारं साधन) फोर्स करून दामटलं तर पुढच्या अपडेटला एपीटी हटून बसतं. हा रस्ता आम्ही पूर्ण वर्ज्य मानतो.

कन्व्हर्टरच्या बनवणाऱ्याकडे ६ मालिकेवर बांधलेली नवी आवृत्ती असेल तर ती घ्यावी, विषय संपला. फ्लॅटपॅक किंवा ॲपइमेज असेल तर त्यात लायब्ररींचा सगळा गोतावळा सोबतच येतो. मात्र फ्लॅटपॅकचा पहिला रनटाईम शेकडो एमबीचा असतो, आणि आडगावात मोबाईलच्या हॉटस्पॉटवर तो उतरवताना संध्याकाळ जाते. यातलं काही नसेल तर एफएफएमपेग ४.४ वेगळ्या फोल्डरात बांधून फक्त त्या एका प्रोग्रामला द्यायचं. सोनेम वेगळे असल्याने ५८ आणि ६० एकाच मशीनवर सुखाने नांदतात. नंबरांची ही सगळी यातायात त्यासाठीच आहे.

बांधायला बिल्ड-इसेन्शियल, एनएएसएम, पीकेजी-कॉन्फिग, लिबएक्स२६४-डेव्ह आणि लिबएक्स२६५-डेव्ह ही पॅकेजेस लागतात. एनएएसएम हा असेम्बलर नसेल तर बांधणीची तयारी करणारी कॉन्फिगर स्क्रिप्ट थांबते आणि ‘डिसेबल-एक्स८६एएसएम’चा पर्याय सुचवते. तो घेऊ नका, एन्कोडिंग रडतखडत चालेल. सोर्स घेताना ४.४ चं जुनं टारबॉल नको, त्या शाखेतलं सर्वात ताजं पॉइंट रिलीज घ्या. २४.०४ वर बिनयुटिल्स (असेम्बलर-लिंकरचा संच) २.४२ आहे, आणि २.४१ पासूनचा असेम्बलर जुन्या एफएफएमपेगच्या मॅथऑप्स.एच या फाईलवर ‘ऑपरंड टाईप मिसमॅच’ म्हणत डझनावारी एरर ओकतो. मशीनमध्ये काही बिघडलं असं वाटतं, पण दोष फक्त सोर्सच्या वयाचा असतो. हे टाळायला काही जण २२.०४ च्या मशीनवर बांधून फाईली इकडे आणतात. ते नको. तिथे बांधलेली कोडेक पुन्हा लिबएक्स२६४-१६३ च मागेल.

कॉन्फिगरला पर्याय द्यायचे ते असे: प्रीफिक्स म्हणून ऑप्टखाली एफएफएमपेग४४ हा फोल्डर, एनेबल-शेअर्ड, डिसेबल-स्टॅटिक, एनेबल-जीपीएल, एनेबल-लिबएक्स२६४, एनेबल-लिबएक्स२६५. जीपीएलचा पर्याय विसरला तर एक्स२६४ चा परवाना पुढे करून कॉन्फिगर बंद पडतं. मग मेक आणि मेक इन्स्टॉल. प्रीफिक्स न देता बांधलं तर सगळं यूएसआर/लोकल/लिबमध्ये जातं. तिथे उबुंटूच्याच नंबराची लायब्ररी पडली तर ती सिस्टीमच्या लायब्ररीला झाकते आणि केडेनलाईव्हसकट सगळे प्रोग्राम नकळत तीच उचलतात. तसं झालंय का हे एफएफएमपेग -व्हर्जनमध्ये दिसतं. प्रत्येक लायब्ररीपुढे तिरक्या रेघेच्या दोन बाजूंना दोन आवृत्त्या छापलेल्या असतात. डावीकडे बांधतानाची, उजवीकडे आत्ता प्रत्यक्ष लोड झालेली. त्या वेगळ्या असतील, किंवा वर ‘लायब्ररी कॉन्फिगरेशन मिसमॅच’ असा इशारा असेल, तर कुठेतरी दुसरी प्रत घुसली आहे. या दोन रकान्यांकडे फार कमी लोक बघतात.

बांधून झालं की कन्व्हर्टरला नव्या फोल्डराचा पत्ता सांगायचा. सोपा मार्ग म्हणजे दोन ओळींची स्क्रिप्ट: एलडी_लायब्ररी_पाथमध्ये एफएफएमपेग४४ च्या लिबचा पत्ता भरायचा आणि प्रोग्राम एक्झेकने चालवायचा. डेस्कटॉपवरचा आयकॉन या स्क्रिप्टकडे वळवायचा. हा पाथ बॅशआरसीत (टर्मिनल उघडताच वाचली जाणारी फाईल) कायमचा लिहू नका, त्याचे परिणाम पुढे येतील. एलडीकॉन्फिगच्या यादीतही हा फोल्डर घालायचं कारण नाही, ती यादी अख्ख्या मशीनसाठी असते.

दुसरा मार्ग पॅचएल्फचा. त्याने प्रोग्रामच्या आतच शोधाचा पत्ता लिहिता येतो, आणि ‘डॉलर ओरिजिन’ असा पत्ता दिला तर ‘मी जिथे आहे तिथेच’ असा त्याचा अर्थ होतो. हे एकेरी अवतरणात लिहावं लागतं, नाहीतर शेल डॉलर खाऊन टाकतो. इथे एक खोच आहे. पॅचएल्फ साधारणपणे रनपाथ लिहितं, आणि रनपाथ फक्त त्या फाईलच्या थेट मागण्यांना लागू होतो. प्रोग्रामला कोडेक सापडेल, पण त्याने स्वतः युटिल मागितली नसेल तर कोडेकला तिची युटिल सापडणार नाही, दोन्ही एकाच फोल्डरात शेजारी असल्या तरी. म्हणून प्रत्येक एसओ फाईललाही तोच ओरिजिनचा पत्ता द्यायचा. एलडी_लायब्ररी_पाथ मात्र सगळ्या साखळीला लागू होतो. कोण कुठे शोधतंय याची खात्री करायची असेल तर एलडी_डीबग=लिब्स लावून प्रोग्राम चालवा, लोडर एकेक फोल्डर कसा धुंडाळतो ते ओळीओळीने छापलं जातं.

हेच दुसऱ्या २४.०४ मशीनवर न्यायचं तर पेनड्राईव्हवर फोल्डर कॉपी करू नका. पेनड्राईव्ह बहुधा एक्सफॅट किंवा फॅट३२ असतो आणि त्यावर सिमलिंक राहत नाहीत. काही वेळा कॉपीच अडते, काही वेळा सिमलिंकांच्या जागी अख्ख्या फाईली होतात. आधी टारमध्ये बांधा, ती एकच फाईल न्या, तिकडे सोडवा. डेब पॅकेजेस नेटवाल्या मशीनवरून न्यायची असतील तर एपीटी-गेटला ‘डाउनलोड-ओन्ली’ सांगून उतरवा. नुसतं एपीटी इन्स्टॉल केलं तर काम झाल्यावर ते डेब फाईली पुसून टाकतं, एपीटी-गेट ठेवतं.

इथवर नंबर वेगळे होते. नंबर तोच असूनही अडतं तेव्हा डोकं जास्त खर्ची पडतं. ऑप्टमध्ये स्वतःचं बिऱ्हाड थाटणारं एक व्यावसायिक एडिटिंग सॉफ्टवेअर २४.०४ वर उघडतच नव्हतं. संदेश असा: ‘सिम्बॉल लुकअप एरर’, लिबपँगो (अक्षरं मांडणारी लायब्ररी), ‘अनडिफाइन्ड सिम्बॉल जी_स्ट्रिंग_फ्री_अँड_स्टील’. एलडीडीत एकही ‘नॉट फाउंड’ नाही. कारण असं की त्याने स्वतःच्या लिब्स फोल्डरात जीलिबची, म्हणजे पँगोच्या तळाशी असलेल्या लायब्ररीची, जुनी प्रत आणलेली. पँगो मात्र सिस्टीमची, २४.०४ ची. ती जे फंक्शन मागते ते जीलिब २.७६ पासून आलं, आणि २४.०४ वर जीलिब २.८० आहे. दोन्ही प्रतींचं सोनेम एकच, लिबजीलिब-२.०.एसओ.०, आणि त्या प्रोग्रामपुरती सोबत आणलेली प्रत आधी सापडते. पहिला आकडा तोच म्हणजे जुन्या प्रोग्रामला नवी लायब्ररी चालते. नव्या मागणीला जुनी लायब्ररी चालेल असं कुणीच म्हटलेलं नाही. उपाय साधा: त्या लिब्स फोल्डरात ‘डिसेबल्ड’ नावाचा उपफोल्डर करून लिबजीलिब, लिबजीआयओ, लिबजीमॉड्यूल आणि लिबजीऑब्जेक्ट यांच्या सगळ्या फाईली त्यात हलवायच्या. प्रोग्राम मग सिस्टीमची नवी प्रत घेतो. पुसू नका, हलवाच. बॅशआरसीत पाथ लिहू नका म्हटलं ते यासाठी: त्या फोल्डरात जीलिबसारखी सोबतची जुनी प्रत असेल तर हाच तमाशा टर्मिनलमधून उघडलेल्या प्रत्येक प्रोग्रामचा होतो.

याच सॉफ्टवेअरची मोफत लिनक्स आवृत्ती एच.२६४ उघडत नाही, म्हणून तर कन्व्हर्टरवर सगळं अडून असतं. रात्रभर चाललेलं दशावतार डीएनएक्सएचआर या एडिटिंगच्या फॉरमॅटच्या एचक्यू प्रोफाईलमध्ये काढायचं तर १०८०पी, २५ फ्रेमला तासाला ८० जीबीच्या आसपास जातात. एलबी प्रोफाईलला १६ च्या जवळपास, आणि पेट्रोमॅक्स-हॅलोजनच्या उजेडातल्या फुटेजला एलबीने फारसं काही बिघडत नाही.

एलडीडी स्वच्छ, प्रोग्राम उघडतो, पण ग्राफिक्स कार्डवर एन्कोड करायला गेलं की ‘कॅनॉट लोड लिबएनव्हिडिया-एन्कोड.एसओ.१’. ही लायब्ररी प्रोग्राम सुरू होताना मागितली जात नाही. एच२६४_एनव्हीएन्क निवडल्यावरच, प्रोग्राम चालू असताना, डीएलओपनने उघडली जाते, म्हणून एलडीडीत तिचा पत्ताच नसतो. ड्रायव्हरच्याच नंबराचं लिबएनव्हिडिया-एन्कोड पॅकेज बसवायचं. अपडेटनंतर एनव्हिडिया-एसएमआय ‘ड्रायव्हर/लायब्ररी व्हर्जन मिसमॅच’ म्हणत असेल तर कर्नलमधलं मॉड्यूल जुनं आणि डिस्कवरची लायब्ररी नवी आहे. मशीन रीस्टार्ट करा, बाकी काही नको. इंटेलच्या ग्राफिक्सला कुठला ड्रायव्हर लागला आहे ते व्हीएइन्फो चालवून पाहा. पाचव्या पिढीपासून पुढे आयएचडी ड्रायव्हर. स्टुडिओंत सेकंडहँड आलेली चौथ्या पिढीची आय५ मशीन्स असतात, त्यांना आय९६५ च लागतो.

आता लाईट. अपडेट चालू असताना लाईट गेली की एखादी एसओ फाईल शून्य बाइटची उरू शकते. संदेश येतो ‘फाईल टू शॉर्ट’. आधी डीपीकेजी --कॉन्फिगर -ए, मग एपीटी -एफ इन्स्टॉल. तरी तेच आलं तर डीपीकेजी -एसने (मोठा एस) ती फाईल कुठल्या पॅकेजची ते शोधून एपीटी-गेटच्या ‘रीइन्स्टॉल’ने तेवढंच पॅकेज पुन्हा बसवा, आणि शेवटी एलडीकॉन्फिग. ‘इनव्हॅलिड एल्फ हेडर’ आला तर फाईल आहे, पण आतला मजकूर लायब्ररीचा नाही. बहुतेकदा डाउनलोडच्या नावाखाली एखादं एचटीएमएल पान उतरलेलं असतं.

विंडोजवर तत्त्व तेच, फक्त नंबर नावातच असतो: एव्हीकोडेक-५८.डीएलएल. शोध आधी प्रोग्रामच्या स्वतःच्या फोल्डरात होतो, म्हणून सगळा संच ईएक्सईशेजारी ठेवावा, सिस्टीम३२ मध्ये फेकू नये. एव्हीकोडेक-६० आणली तर एव्हीयुटिल-५८ आणि एसडब्ल्यूरीसॅम्पल-४ याच संचातल्या हव्यात. नाव बदलून भागवलं तर इथे आवृत्तीचा शिक्का नसतो, त्यामुळे ‘एंट्री पॉइंट नॉट फाउंड’ येतं किंवा प्रोग्राम मधेच कोसळतो. ०xc०००००७b हा कोड बहुधा ३२ आणि ६४ बिटांची सरमिसळ सांगतो. नावं उलटी वाटतात तरी ६४ बिटांच्या डीएलएल सिस्टीम३२ मध्ये आणि ३२ बिटांच्या सिसवाऊ६४ मध्ये असतात. व्हीसीरनटाईम१४०_१.डीएलएल नाही म्हणाला तर व्हिज्युअल सी प्लस प्लसचं रीडिस्ट्रिब्युटेबल जुनं आहे, नवं बसवा. डीएलएल एकेकटी वाटणाऱ्या साइटवरून काहीही घेऊ नका. आणि एमएफप्लॅट.डीएलएल कमी असेल तर विंडोजची आवृत्ती ‘एन’ आहे का ते सेटिंगमध्ये पाहा. असल्यास ऑप्शनल फीचर्समधून मीडिया फीचर पॅक बसवून मशीन रीस्टार्ट करायचं.